गावकीची चाकरी : वतनापासून हजेरीपटापर्यंत

३० जून २०२१ रोजी निघालेल्या शासकीय अधिसूचनेने वाघोलीची ग्रामपंचायत संपली आणि गाव पुणे महानगरपालिकेच्या हद्दीत आले. त्याच अधिसूचनेत आणखी २२ गावे होती : बावधन बुद्रुक, सूस, म्हाळुंगे, नऱ्हे, नांदेड, खडकवासला, मांजरी बुद्रुक इत्यादी. नव्या हद्दीमुळे पुण्याचे क्षेत्रफळ मुंबईहूनही मोठे झाले, ह्याची चर्चा पुष्कळ झाली. टँकरच्या पाण्याची झाली, रस्त्यांची झाली, घरपट्टी किती वाढणार ह्याची तर घरोघर झाली. पण ज्या माणसाने आदल्या दिवशी सकाळी पाण्याची चावी फिरवली होती, ज्या बाईने रस्ता झाडला होता, ज्या कारकुनाने दाखल्यावर शिक्का मारला होता, ती माणसे दुसऱ्या दिवशी कोणाची चाकर होती, हा प्रश्न त्या मानाने थोड्यांनी विचारला. आम्ही येथे त्या प्रश्नाचा इतिहास मांडणार आहोत. तो एकट्या वाघोलीचा नाही; परंतु वाघोलीच्या वेशीवर उभे राहिले म्हणजे तो नीट दिसतो.

मराठ्यांच्या इतिहासात वाघोली पिलाजी जाधवरावांमुळे परिचित आहे. शाहूकाळातल्या ह्या सरदाराचे घराणे येथे नांदले, आणि वाघेश्वराच्या देवळाशी त्यांचे नाव आजही जोडले जाते. पण सरदारांच्या बखरीत गावच्या चाकरांचा हिशेब नसतो. तो पाहायचा तर नगर रस्त्याने थोडे पुढे लोणीकंदला गेले पाहिजे. पेशवाई नुकतीच बुडाली असताना डॉ. थॉमस कोट्स ह्या ब्रिटिश शल्यवैद्याने पुण्याजवळच्या 'लोणी' गावाची बारकाईने पाहणी केली, आणि ती मुंबईच्या लिटररी सोसायटीच्या ग्रंथमालेत १८२३ साली छापली गेली. ते लोणी म्हणजे लोणीकंदच, असे धरून डॉ. गो. स. घुर्ये यांनी त्या गावाचा नवा अभ्यास १९६० साली प्रसिद्ध केला. वाघोलीचे असे वर्णन कोणी केलेले नसले, तरी शेजारच्या गावची रीत ती आपल्याच गावची रीत, असे मानण्यास फारशी हरकत नाही.

त्या रीतीत पाटील, कुलकर्णी, महार हे गावचे वतनदार, आणि सुतार, लोहार, चांभार, न्हावी, परीट हे बलुतेदार. त्यांपैकी कोणाला नेमणूकपत्र मिळालेले नव्हते आणि कोणाला काढून टाकण्याची सोयही नव्हती. खळ्यावर रास पडली की ज्याचा त्याचा वाटा ठरलेला. दुष्काळ पडला तर सगळ्यांनाच पडे. पण 'उद्यापासून येऊ नकोस' हे वाक्य बलुतेदाराला ऐकावे लागत नसे. आज नोकरीची शाश्वती म्हणून जी मागतात, ती त्या व्यवस्थेत पिढ्यान्‌पिढ्यांची होती. मात्र तिची किंमतही तेवढीच जबर होती. चाकरी जन्माने मिळे, जन्मानेच चिकटे. ज्याला हवी त्याला मिळत नसे, आणि ज्याला नको त्याला सुटत नसे. गावचे काम करायला अधिक लायक कोण, हा प्रश्न विचारण्याची जागाच नव्हती.

आणखी एक गोष्ट ह्या वतनाच्या कागदांत दिसते, तिच्याकडे आमच्या मते पुरेसे लक्ष गेलेले नाही. वतन एकाचे आणि काम दुसऱ्याचे, असे पुष्कळदा होई. कुलकर्णी वतनदार शहरात राही आणि गावचे दप्तर त्याचा गुमास्ता सांभाळी. पाऊसपाणी, पिके, वसुली, भांडणे ही सगळी त्या गुमास्त्याच्या बोटांवर. हक्क मात्र वतनदाराचा. १८७४ साली मुंबई सरकारने वंशपरंपरागत हुद्द्यांचा कायदा केला, त्यातही अशा बदली माणसाची व्यवस्था करावी लागली. ज्याला आपण 'आउटसोर्सिंग' म्हणून नव्या युगाची वस्तू समजतो, तिचे बीज असे जुन्या चावडीत पेरलेले आहे.

वतनावरचा मोठा घाव डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी घातला. १९२८ साली त्यांनी मुंबई कायदे कौन्सिलात ह्याच १८७४ च्या कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. तुटपुंज्या जमिनीच्या आणि बलुत्याच्या मोबदल्यात महार समाजाला अहोरात्र सरकारच्या व गावाच्या चाकरीला जुंपणारी ती व्यवस्था त्यांना मोडायची होती. विधेयक तेव्हा तडीस गेले नाही. स्वातंत्र्यानंतर कुलकर्णी वतने १९५० च्या कायद्याने गेली, कनिष्ठ ग्रामवतने १९५८ च्या कायद्याने गेली आणि मुलकी पाटलांचा हुद्दा १९६२ च्या कायद्याने गेला. बारा वर्षांत शेकडो वर्षांचा डोलारा उतरला, आणि तो उतरला हे उत्तमच झाले.

पण वतन गेले म्हणून काम गेले नाही. दवंडी देणे, सारा गोळा होताना धावपळ करणे, साहेब आला तर गावभर निरोप पोचवणे ही कामे कोणीतरी करायचीच होती. ती कोतवालाकडे आली. कोतवाल जन्माने ठरत नव्हता, एवढा न्याय झाला. परंतु त्याला पूर्ण सरकारी नोकर म्हणायलाही सरकार तयार नव्हते. त्याला पगार नसून मानधन मिळू लागले. हा शब्द ज्याने योजला त्याच्या कल्पकतेला दाद दिली पाहिजे. चतुर्थ श्रेणीत घ्या, ही कोतवालांची मागणी कित्येक दशके चालू राहिली. २०२५ साली त्यांचे पदनाम बदलून 'महसूल सेवक' झाले. मागणी त्यानंतरही उभीच राहिली.

शहरांची कथा थोडी वेगळी. पुण्याला नगरपालिका १८५७ च्या सुमारास मिळाली, जोतीराव फुले १८७६ पासून काही वर्षे तिचे सभासद होते, आणि १५ फेब्रुवारी १९५० रोजी तिची महानगरपालिका झाली. नगरपालिकेत वतन नव्हते. तेथे वशिला होता. हा काही आपलाच दोष नव्हे. अमेरिकेत निवडणूक जिंकणाऱ्या पक्षाने सरकारी नोकऱ्या आपल्या माणसांत वाटून घ्याव्यात असा प्रघात होता. १८८१ साली नोकरी न मिळाल्याने चिडलेल्या एका इसमाने राष्ट्राध्यक्ष गारफील्ड यांच्यावर गोळी झाडली, त्यांचा अंत झाला, तेव्हा कुठे १८८३ साली परीक्षा घेऊन नेमणुका करण्याचा कायदा झाला. इंग्रजांनी हिंदुस्थानातल्या सनदी नोकऱ्यांसाठी १८५५ पासून लंडनला खुल्या परीक्षा घेतल्या. ह्या सुधारणा वरच्या मजल्यापासून सुरू होतात आणि खाली उतरताना जिन्यातच थकतात. कलेक्टर परीक्षेने ठरू लागल्यानंतर कित्येक दशके झाडूवाला मुकादमाच्या शब्दाने ठरत होता.

मुकादम म्हणेल तो कामावर. मुकादमाने हजेरीपटात नाव लिहिले नाही तर तो दिवस वाया. आणि तरीही ह्या कामाची गरज किती मोठी आहे हे सरकारला पुरते ठाऊक होते. मुंबई सरकारने १८९० साली म्युनिसिपल नोकरांसाठी कायदा केला आणि शहराच्या आरोग्याशी व सुरक्षिततेशी संबंधित असलेल्या कामगाराने पूर्वसूचना न देता काम सोडणे हा गुन्हा ठरवला. त्याच्याविना शहर दोन दिवस जगू शकत नाही, असे कायद्याने मान्य केले. त्याला उद्या काढले तर त्याने कसे जगावे, ह्याचा विचार मात्र फार उशिरा झाला.

सफाई कामगारांच्या बाबतीत महाराष्ट्राने एक आगळी वाट काढली. लाड समिती आणि पागे समिती यांच्या शिफारशींवरून सफाई कामगार निवृत्त झाला वा वारला तर त्याच्या वारसाला नोकरी देण्याची पद्धत पडली. २४ फेब्रुवारी २०२३ च्या शासन निर्णयाने तिचे नियम एकत्र केले. त्यावर न्यायालयांतून बराच वाद झाला. आम्हांला ह्या तरतुदीविषयी दोन्ही बाजूंनी अस्वस्थता वाटते. जे काम दुसरे कोणी करायला पुढे येत नाही, त्यातल्या घराचा आधार तुटू नये हे योग्यच. पण झाडू हातातून काढून घेण्याऐवजी तो मुलाच्या हाती कायदेशीरपणे देणे, ह्यात जुन्या वतनाचा वास राहतो. असो.

आता तात्पुरत्या नोकराकडे वळू. त्याची नावे फार आहेत : रोजंदारी, बदली, हंगामी, ठोक मानधनावरचा, करारावरचा, ठेकेदाराचा. २९ दिवसांचा आदेश हा त्यातला खास प्रकार. एकोणतीस दिवस काम, एक दिवस घरी, पुन्हा एकोणतीस दिवसांचा नवा आदेश. त्या मधल्या दिवसाला 'तांत्रिक खंड' असे भारदस्त नाव आहे. तो खंड नोकराच्या विश्रांतीसाठी नसतो. सेवा अखंड होती असे त्याला पुढे म्हणता येऊ नये म्हणून असतो. अशी दहा वर्षे काढलेला माणूस कागदावर दहा वर्षांचा नोकर नसतो, एकोणतीस दिवसांचा सव्वाशे वेळा नेमलेला नवखा असतो.

हे केवळ दुष्टपणाने होते असे मानणे सोपे आहे, पण अपुरे आहे. वाघोलीसारख्या गावाचे उदाहरण घ्या. नगर रस्त्याच्या कडेचे हे गाव एकेकाळी शेतीचे, पुढे दगडखाणींचे आणि क्रशरचे, आणि खराडीला संगणक कंपन्या आल्यानंतर गृहसंकुलांचे झाले. नवी इमारत उभी राहिली की नळ, कचरा, दिवा आणि दाखला ही चार कामे वाढतात. परंतु ग्रामपंचायतीत माणसे किती असावीत हे शासनाचा आकृतिबंध ठरवतो, आणि आस्थापनेवरचा खर्च उत्पन्नाच्या ३५ टक्क्यांच्या वर जाऊ नये असे बंधन असते. इमारती मंजुरीची वाट पाहत थांबत नाहीत, पदे थांबतात. मग सरपंच काय करणार? मासिक सभेत ठराव होतो, 'कामाची निकड लक्षात घेता' चार माणसे रोजंदारीने घेतली जातात. निकड खरी असते. चार माणसेही कामाची असतात. मात्र ती गावातली, भावकीतली, मागच्या निवडणुकीत बरोबर फिरलेली असण्याचा संभव बराच असतो. जाहिरात दिलेली नसते, म्हणून पाचवा कोणी अर्ज केलेला नसतो.

हा अर्ज न केलेला पाचवा माणूस आम्हांला ह्या इतिहासातले सर्वांत उपेक्षित पात्र वाटतो. रीतसर भरती म्हणजे काय? जाहिरात, अर्ज, बिंदुनामावलीप्रमाणे कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची हे ठरवणे, परीक्षा, निवड यादी. ठरावाने झालेल्या नेमणुकीत ह्यातले काहीच नसते. तेव्हा लिपिकाची जी जागा मागासवर्गीय मुलीला बिंदुनामावलीने मिळाली असती, ती कोणाच्या तरी पुतण्याला 'तात्पुरती' मिळते आणि वीस वर्षे तात्पुरतीच राहते. झाडण्याची कामे मात्र पूर्वी ज्यांच्याकडे होती त्यांच्याकडेच, जाहिरातीवाचून, बिनबोभाट जातात. मागच्या दाराची भरती समाजाची जुनी उतरंड जशीच्या तशी राखते, हे तिचे समर्थन करणाऱ्यांनी ध्यानात घेतले पाहिजे.

दुसरीकडे आत आलेल्या माणसाचेही खरेच आहे. त्याने काम केले आहे. महाराष्ट्राने १९७१ साली कामगार संघटनांना मान्यता देणारा आणि अनुचित कामगार प्रथांना आळा घालणारा कायदा केला. कायमपणाचे हक्क मिळू नयेत ह्या हेतूने माणसाला वर्षानुवर्षे बदली वा तात्पुरता म्हणून ठेवणे, ही त्या कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत अनुचित प्रथा म्हणून नोंदवली आहे. आमच्या राज्याला अभिमान वाटावा असे हे कलम आहे. आश्चर्य असे की त्याचा भंग करणाऱ्यांत खाजगी कारखानदारांच्या बरोबरीने सार्वजनिक संस्थाही उभ्या राहिल्या.

१० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने कर्नाटकातल्या उमादेवी प्रकरणात निकाल दिला, आणि साऱ्या देशातल्या रोजंदारी नोकरांच्या तोंडी ते नाव झाले. सार्वजनिक नोकरी ही सर्वांना समान संधी देऊनच भरली पाहिजे. मागच्या दाराने आलेल्याला केवळ दीर्घ सेवेमुळे कायम होण्याचा हक्क नाही, असे न्यायालयाने म्हटले. अर्ज न केलेल्या पाचव्या माणसाची बाजू त्या निकालात आहे, आणि ती बरोबर आहे. पण त्याच निकालात दुसरा भागही आहे. नेमणूक बेकायदा आणि नेमणूक अनियमित, ह्यांत न्यायालयाने भेद केला. मंजूर पदावर, पात्र असून, न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षे काम केलेल्यांचा एकवेळचा विचार करा, असे सरकारांना सांगितले. कचेऱ्यांनी पहिला भाग पाठ केला आणि दुसऱ्या भागाची फाईल बांधून ठेवली.

त्यानंतरचा प्रवास धीमा आहे. २००९ साली राज्य परिवहन महामंडळाच्या सफाई कामगारांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, उमादेवी निकालामुळे महाराष्ट्रातल्या औद्योगिक न्यायालयांचे १९७१ च्या कायद्याखालचे अधिकार संपत नाहीत. मात्र पदच अस्तित्वात नसेल तर कायम करता येणार नाही. मुंबईत कचरा उचलणाऱ्या माणसांना ठेकेदाराचे, तर कधी चक्क 'स्वयंसेवक' म्हणून राबवले गेले होते. कचरा वाहतूक श्रमिक संघाच्या लढ्यानंतर ७ एप्रिल २०१७ रोजी २,७०० कामगार महापालिकेचे कायम कामगार ठरले. ट्रकवर उभे राहून शहराची घाण उपसणाऱ्याला स्वयंसेवक म्हणणाऱ्या भाषेपुढे आमचे शब्द थिटे पडतात. २० डिसेंबर २०२४ च्या जग्गो प्रकरणात आणि ३१ जानेवारी २०२५ रोजी गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने उमादेवीचा आधार घेऊन दीर्घ सेवेच्या माणसांना राबवून घेणाऱ्या संस्थांची चांगलीच कानउघाडणी केली. ते माळी १९९८–९९ पासून कामावर होते आणि २००५ साली काढले गेले होते. निकाल लागेपर्यंत वीस वर्षे गेली.

सरकारी निर्णयांनी सुटलेल्यांचे भाग्य तारखेवर अवलंबून राहिले. नगरपरिषदांमधल्या जुन्या रोजंदारी नोकरांना १० मार्च १९९३ ही तारीख तोंडपाठ असते. तिच्या आधी हजेरीपटावर आलेला एका बाजूला, नंतर आलेला दुसऱ्या बाजूला. दोघे एकाच गटारात उतरत असत, पण एकाच्या घरी निवृत्तिवेतन आले आणि दुसऱ्याच्या घरी निवेदनांच्या प्रती. राज्य शासनाने ६ सप्टेंबर २०२३ रोजी नऊ संस्थांमार्फत कंत्राटी मनुष्यबळ घेण्याचा निर्णय काढला आणि लोकक्षोभ पाहून ऑक्टोबरमध्ये तो मागे घेतला. मागे घेतला तो निर्णय; कंत्राटी पद्धत त्याआधीही होती आणि त्यानंतरही राहिली.

आता वाघोलीसारख्या गावांत २०२१ साली काय पेच पडला, हे समजणे सोपे जाईल. महानगरपालिका अधिनियमाच्या परिशिष्टात जुन्या स्थानिक संस्थेच्या नोकरांविषयी तरतूद आहे : ते नव्या संस्थेचे नोकर होतात, त्यांची आधीची सेवा नव्या संस्थेतली सेवा मानली जाते, मात्र जो अनावश्यक वा अयोग्य वाटेल त्याला रीतसर सूचना देऊन कमी करण्याची मुभाही पालिकेला आहे. ग्रामपंचायतीच्या नोकराला आणखी एक वाट पूर्वी होती. जिल्हा परिषदेच्या वर्ग ३ व ४ च्या रिक्त पदांपैकी १० टक्के ग्रामपंचायत कर्मचाऱ्यांतून भरली जात. ग्रामपंचायतच संपल्यावर त्या वाटेचे फाटक लागते. म्हणजे त्याचा सारा भरवसा आता महापालिकेने सामावून घेण्यावर.

आणि हे गावातल्या हुशार मंडळींना आधीच कळले होते. समावेश होणार अशी बोलवा कित्येक वर्षे होती. २०१७ साली ११ गावे गेलेली सर्वांनी पाहिली होती. ग्रामपंचायतीचा शिपाई उद्या महापालिकेचा शिपाई होणार, तर आजच शिपाई का होऊ नये? २३ गावांतल्या ग्रामपंचायतींनी समावेशाच्या तोंडावर नियम डावलून नोकरभरती केल्याच्या तक्रारी झाल्या, जिल्हा परिषदेला चौकशी लावावी लागली, आणि खऱ्या-खोट्याची निवड होईपर्यंत सगळ्यांचाच प्रश्न लोंबकळला. पंधरा वर्षे पाणी सोडणारा आणि पंधरा दिवसांपूर्वी वहीत आलेला, दोघे एकाच रांगेत उभे राहिले, दोघांनाही एकच कागद विचारला गेला.

आमचे मत असे की, ह्या रांगेत जी माणसे उभी होती त्यांच्याइतकीच न उभी असलेली माणसेही तपासली पाहिजेत. नेमणूक नियमबाह्य असेल तर ती करणाऱ्याची सही कुठेतरी असते. पण अशा चौकशांचा शेवट बहुधा घेणाऱ्यावर होतो, देणाऱ्यावर क्वचित. पोटासाठी आलेल्याने जाहिरात का निघाली नाही हे विचारायला हवे होते, अशी अपेक्षा करणे हास्यास्पद आहे. सभेत हात वर करणाऱ्याने मात्र ते विचारायलाच हवे होते. आणि ज्या शासनाने गाव शहराएवढे वाढू दिले, पण पदे गावाएवढीच ठेवली, त्या शासनाला ह्या पापातून अंग काढून घेता येणार नाही.

दीर्घ सेवेचा आणि तोंडावर घुसलेला, ह्यांत फरक करता येत नाही असे अधिकारी सांगतात. आम्हांला ते पटत नाही. ठराव बहीत मागची तारीख टाकून एक ओळ घुसडता येते, हे खरे. परंतु ग्रामपंचायतीच्या दप्तरात ठराव बही एकटी नसते. कीर्द असते, तिच्यात महिन्याचा पगार महिन्याला पडलेला असतो आणि तिचे दरवर्षी लेखापरीक्षण होते. हजेरीपट असतो. बँकेतून पगार झाला असेल तर खाते असते, भविष्यनिर्वाह निधी कापला असेल तर त्याची चलने असतात. ज्याची कशातच नोंद नाही असा सर्वांत गरीब चाकर बहुधा पाणीपुरवठ्याचा. त्याच्याकडे पंपघरातली वही असते. पंप किती वाजता लावला, किती वाजता बंद केला, वीज कधी गेली, हे त्याने रोज तिच्यात लिहिलेले असते, बहुतेक एकाच निळ्या शाईच्या पेनाने आणि एकाच वळणाच्या अक्षरात. चौकशी अधिकाऱ्याने पहिल्या दिवशी ही वही मागवावी.